लाईन उनी का?

इंग्रजीतल्या ‘लाईन’चं मूळ लॅटिन ‘लिनिआ’, म्हणजे जवसाच्या तंतूंचा दोरा. शब्दकोशात या दोऱ्याला अर्थांचे पुष्कळ फाटे आहेत. खानदेशाने त्यांतले सोयीचे तेवढे उचलले, बाकीचे घरी तयार केले.

जळगाव जंक्शनवर लाईन म्हणजे रूळ. अमळनेर, धरणगाव, नंदुरबार सुरत लाईनीवर; पाचोरा, चाळीसगाव मुंबई लाईनीवर. पहिली पश्चिम रेल्वेची, दुसरी मध्य रेल्वेची. स्टेशनाबाहेर पडलं की रांगेची लाईन, तीत मधेच घुसणाऱ्याला ‘ओ भाऊ, लाईनीत या’. पोलीस लाईनीत मात्र पोलिसांची बिऱ्हाडं असतात. तिथे उभं राहून कुणाची पाळी येत नाही.

कॉलेजच्या फाटकावर लाईन मारतात. ती पाहणाऱ्या बापाच्या तोंडी ‘पोराची लाईन चुकली’ हे वाक्य येतं. बापाला करिअर म्हणायचं असतं. बहुधा.

खरा रुबाब शेतातल्या लाईनीचा. यावल-रावेरकडे केळीच्या बागेत झाडांची लाईन, ठिबकची मेन लाईन, आणि या दोघींना जगवणारी तिसरी, विजेची. शेतीची वीज वर्षानुवर्षे पाळीने, कधी दिवसा तर कधी रात्री. भुसावळजवळच दीपनगरचं औष्णिक केंद्र धूर सोडत असतं; तरी अपरात्री बॅटरी घेऊन मोटारीपाशी बसलेला शेतकरी फोनवर अहिराणीत एवढंच विचारतो, “लाईन उनी का?” म्हणजे, वीज आली का? पलीकडचा लाईनमन ऐकेल तेव्हा, त्याची लाईन बिझी असते.