बोर्डावर उभं कसं राहावं
(आंदर मावळच्या भगिनींसाठी मार्गदर्शन)

सदर मार्गदर्शन फक्त अशा भगिनींसाठी आहे, ज्यांचे माईक दिसला की पाय लटपटतात. ज्यांचे लटपटत नाहीत त्यांनी हे वाचून वेळ घालवू नये. त्यांनी थेट सरपंचपदाचा अर्ज भरावा.

लेखिकेची पात्रता आधीच सांगते, म्हणजे मागाहून कुणी विचारायला नको. मी आंदर मावळातल्या एका वाडीतल्या बचत गटाची सचिव. मागल्या आठ मार्चला टाकव्याला गटांचा मेळावा होता. ‘आता सचिवताई दोन शब्द बोलतील,’ असं पुकारलं गेलं. मी गेले, माईक कुंईऽऽ करून ओरडला आणि मी म्हणाले, ‘एवढं बोलून मी माझे दोन शब्द संपवते.’ त्या ‘एवढं’च्या आधी मी काहीच बोलले नव्हते. टाळ्या मात्र कडकडून पडल्या. मावळात छोटं भाषण कुणालाही आवडतं.

यावर उपाय म्हणून लोणावळ्याच्या एका रिसॉर्टवर आत्मविश्वासाचं एक दिवसाचं शिबिर केलं. (गटाच्या पैशानं नाही. दोन पोती इंद्रायणी विकून.) कान्हे फाट्यापर्यंत सिक्स सीटर, पुढे लोकल. सरांनी सगळ्यांना आरशापुढं उभं करून ‘मी वाघीण आहे’ असं एकवीसदा म्हणायला लावलं. आमच्या वाडीला आधीच बिबट्याचा त्रास आहे, त्यामुळे पंधराव्या-सोळाव्यांदा माझा आवाजच बसला.

घरी आल्यावर आत्यांनी फी विचारली. सासूबाईंना आम्ही आत्या म्हणतो. आकडा ऐकून त्या म्हणाल्या, “येवढ्यात आख्खा फड आणला असता की गं यात्रेला.” फड तेवढ्यात येत नाही, पण आत्यांचा हिशेब त्यांच्या तरुणपणीचा आहे.

आत्यांचं माहेर नारायणगावच्या बाजूचं. नारायणगाव म्हणजे तमाशाची पंढरी. गुढीपाडव्याच्या सुमाराला तिथं फडांच्या राहुट्या लागतात आणि गावोगावचे यात्रा कमिटीवाले सुपारी द्यायला येतात. आमच्याकडचेही तळेगाव-चाकण करत तिकडेच जातात. पण घरंदाज बाईनं तमाशा बघायचा नाही, असा तेव्हा दंडक होता. म्हणून आत्या आणि त्यांच्या मैत्रिणी मागच्या अंगानं जाऊन कनातीचं खालचं टोक वीतभर उचलून पालथ्या पडून बघायच्या. त्यामुळे आत्यांना विठाबाई नारायणगावकर माहीत आहेत त्या घोट्यापासून गुडघ्यापर्यंत. खालचं सगळं मार्गदर्शन त्या वीतभर फटीतून आलेलं आहे, तेव्हा वाचकांनी नजर खालीच ठेवावी.

पाय. शिबिरवाले चेहऱ्यापासून सुरू करतात, ही पहिली चूक. आत्या म्हणतात, बाई घाबरलीय का नाही हे तोंडावर कधी कळत नाही, तोंडाला रंग असतो. ते कळतं पायात. चाळ बांधलेला पाय जरासा थरथरला तरी अख्ख्या फडाला ऐकू जातं. म्हणून बोर्डावर आल्या आल्या हलायचंच नाही. दोन्ही टाचा टेकायच्या, ढोलकीवाल्याला वाजवू द्यायचं, लोकांना वाट बघू द्यायची. मग पहिला चाळ आपल्याला पाहिजे तेव्हा वाजवायचा. आपल्याकडे चाळ नसतात, चपला असतात. त्या घट्ट असाव्यात.

सराव कुठं करावा? जुलैत लावणी असतेच. (भाताची. गैरसमज नको.) डोक्यावर इरलं, पोटरीपर्यंत चिखल, वरून आंदर मावळचा पाऊस, कमरेत वाकलेलं आणि बांधावरून मालक ओरडतोय, अशा अवस्थेत जी बाई सकाळपासून दिवस मावळेपर्यंत पाय रोवून उभी राहते, ती आठ बाय दहाच्या कोरड्या स्टेजवर का डगमगते, याचं उत्तर शिबिराच्या सरांकडे नव्हतं. आत्यांकडे होतं. म्हणाल्या, “चिखलात कुणी बघत नसतं गं.”

आता उलट उत्तराचा भाग. हा नीट वाचावा, कारण खरी विद्या इथंच आहे. तमाशात गण झाला की गवळण येते. गवळणी दूध-दही घेऊन मथुरेच्या बाजारी निघतात, वाटेत कृष्ण आणि पेंद्या आडवे येतात. यांच्याबरोबर एक मावशी असते, ती मात्र बाप्या माणूस असतो. म्हणजे रस्त्यात अडवणाराही पुरुष आणि सोबतीची वडीलधारी बाईही पुरुष. कुठल्याही सरकारी बैठकीत महिला प्रतिनिधीची जी परिस्थिती असते, ती लोकांनी कधीपासून बोर्डावर आणून ठेवली आहे. अशा वेळी गवळण चिडत नाही, रडत नाही, तक्रार अर्ज करत नाही. समोरच्याचाच शब्द उचलते, उलटा करते आणि त्याच्याच पदरात टाकते. आणि मग गप्प राहते. हे गप्प राहणं सगळ्यात अवघड. उत्तर दिलं की लगेच पुढचं वाक्य बोलायचं नाही. तेवढ्या जागेत ढोलकीवाला थाप देतो आणि लोक हसतात. ज्या सभेला ढोलकीवाला बोलावलेला नसेल, तिथं थाप मनात वाजवावी.

पोशाखाविषयी शिबिरात तासभर सांगितलं. इथं एकच सांगते, तमाशातल्या कांताबाई सातारकर वगात शिवाजी महाराजांची भूमिका करायच्या. पोशाख अंगावर कसा दिसतो, हा प्रश्न तिथंच निकालात निघाला.

रजेविषयी. मेळाव्याच्या दिवशी कंबर दुखतेय, पाहुणे आलेत, म्हैस व्यायलीय ही कारणं आमच्या गटात नेहमीची. विठाबाईंचा किस्सा आत्या अशा वेळी काढतात. नऊ महिने भरलेले, वग रंगात आलेला आणि कळा सुरू झाल्या. त्या आत गेल्या, बाळंत झाल्या, दगडानं नाळ ठेचली, लुगडं आवळलं आणि राहिलेला वग पुरा करायला पुन्हा बोर्डावर आल्या. लोकांनीच हात जोडून म्हटलं, बाई, आता पुरे. हा किस्सा ऐकून गटातल्या बायका गप्प होतात आणि मेळाव्याला येतात. मला मात्र तो ऐकला की वेगळंच वाटतं. ते धैर्य म्हणून सगळे सांगतात. पण सुपारी घेतलेली, मागं फडातल्या सगळ्यांची पोटं, खेळ मोडला तर कनात पेटवणारं पब्लिक. त्या बाईला धैर्याशिवाय दुसरं काही परवडत होतं का? असो. मार्गदर्शनात असले प्रश्न बसत नाहीत.

खबरदारी. आत्मविश्वास आणि पैसा यांची गल्लत करू नये. विठाबाई पंढरपुरात जन्मल्या त्या १९३५ साली, तमाशाच्याच घरात. बाप आणि चुलता म्हणजे भाऊ-बापू मांग नारायणगावकर. १९५७ आणि १९९० साली राष्ट्रपतींच्या हस्ते गौरव झाला. २००२ साली गेल्या तेव्हा दवाखान्याचं बिल लोकांनी वर्गणी काढून भागवलं. पुढं सरकारनं त्यांच्या नावानं जीवनगौरव पुरस्कार सुरू केला, तोही रोख रकमेचा. हे वाक्य मी आत्यांना वाचून दाखवलं तेव्हा त्या नुसत्या तांदूळ निवडत राहिल्या.

आता प्रात्यक्षिक. या वर्षी पुन्हा आठ मार्च, पुन्हा तोच मांडव, तोच माईक. नाव पुकारलं. मी गेले, टाचा टेकल्या, माईकला काय ओरडायचं ते ओरडू दिलं. कागद उघडून गटाचा हिशेब वाचायला लागले. तेवढ्यात मागनं आवाज आला, “ओ वहिनी, ऐकू येईना! मोठ्यानं बोला की!” हे भाऊजी दर सभेला मागं उभे असतात, तंबाखू मळत. बायकोच्या नावावर गटाचं कर्ज काढून मोटारसायकल घेतलेली.

मी कागदावरनं मान वर केली. “भाऊजी,” म्हटलं, “आता थकबाकीची यादीच वाचायला घेतलीय. तुमच्या घरचं नाव आलं की वाचते मोठ्यानं.”

आणि गप्प राहिले. मनात थाप वाजवली. एक, दोन. मग मांडव फुटला. भाऊजींच्या बायकोनं तर तोंडात पदर कोंबला होता.

हसणं ओसरायच्या आत पहिल्या रांगेतनं आत्या उठल्या. गुडघ्यावर हात देत, सगळ्या मांडवादेखत, स्टेजपाशी आल्या. कमरेची पिशवी सोडली, घडी घातलेली दहाची नोट काढली आणि माझ्या पायापाशी ठेवली. निवेदन करणारे गुरुजी गोंधळले. आत्यांनी त्यांना हातानं खुणावलं, “नाव पुकारा की. दौलतजादा हाय ती.”

गुरुजींनी पुकारलं. आता ती नोट माझ्याकडे आहे आणि गटाच्या वहीत ती कुठल्या खात्यावर जमा धरायची, यावर बँकेच्या साहेबांचं अजून उत्तर आलेलं नाही.