‘पासून’च्या पुढे

मराठीत सध्या सगळ्यात जपून कोण लिहितं, असं कुणी विचारलं तर मी रविवारच्या पेपराचं पहिलं पान पुढे करीन. ते अख्खं पान बिल्डरचं असतं. बातम्या आतून कुठूनतरी सुरू होतात.

परवाचंच घ्या. ‘हिंजवडीपासून १० मिनिटांवर, टू बीएचके ७५ लाखांपासून*’. एका ओळीत दोनदा ‘पासून’! पहिल्यात वाहन कुठलं आणि घड्याळात किती वाजलेत, ते गाळलंय. पहाटे तीनला, अँब्युलन्समधून, जमेलही. दुसऱ्या ‘पासून’चा फ्लॅट एकच होता, तो गेल्या आठवड्यात गेला. (तो नेहमी गेल्याच आठवड्यात जातो.) उरली चांदणी. तिचा माग काढत पानाच्या तळाशी गेलो, तर मुंगीएवढ्या अक्षरांत ‘अटी व शर्ती लागू’. कुठल्या, ते प्रत्यक्ष भेटीत. जीएसटीचे ५ टक्के, मुद्रांक शुल्क, नोंदणी, सोसायटीचा आगाऊ मेंटेनन्स, सगळे त्या चांदणीच्या पोटात गुण्यागोविंदानं नांदतात. आम्ही लेखक शब्दाला शब्द जोडून मरतो. हा माणूस नुसतं गाळून ७५ लाख मागतो.

सरकारला ही कला बघवली नाही. २०१६चा रेरा कायदा आला, २०१७मध्ये महारेरा. जिना आणि लिफ्टपुढची जागा आपल्याच हॉलमध्ये मोजायचे दिवस संपले. कार्पेट एरिया सांगणं भाग पडलं. १ ऑगस्ट २०२३पासून जाहिरातीत क्यूआर कोडही सक्तीचा. तो स्कॅन केला की प्रकल्पाची कुंडली निघते: मंजुऱ्या, कोर्टकज्जे, मुदतवाढ. हायवेवरच्या होर्डिंगवर मी तो पाहिला. तिसऱ्या मजल्याच्या उंचीवर, कोपऱ्यात. कायदा पाळलाय, शिडी आपली आपण आणायची.

जाहिरातीतल्या चित्रात निळंशार पाणी, काठावर पुस्तक वाचणारे आजोबा. समोर उठणारी सी विंग नाही, टँकर नाही.

शेवटी आम्ही दोघं साइटवर गेलोच. सॅम्पल फ्लॅट ऐसपैस वाटला; घरी येताना लक्षात आलं, आतल्या खोल्यांना दारंच नव्हती. तिथे मात्र हिनं सेल्सच्या पोराला सरळ विचारलं, “पाणी कॉर्पोरेशनचं ना?”

पोरगा गोड हसला. “मॅडम, क्लबहाऊस बघितलंत का?”