घरच्यांचं वर आहे

‘लोक आशीर्वाद द्यायला येतात, जेवायला नाही,’ असं आमच्या शेजारच्या चिरंजीवांनी परवा जाहीर केलं. निमित्त त्यांच्या रिसेप्शनचं. सहाशे माणसं बोलवायची, जेवण ठेवायचं नाही, एकेक आईस्क्रीम हातात द्यायचं आणि वाटेला लावायचं, असा बेत. हे जाहीर कुठे केलं? तर आमच्याच घरी, केळवणाच्या ताटावर, बासुंदीसाठी तिसऱ्यांदा वाटी पुढे करताना.

मी ताबडतोब पाठिंबा दिला. सदर लिहिणाऱ्या माणसाला पुरोगामी असावंच लागतं आणि दुसऱ्याच्या घरच्या लग्नात ते फुकटात जमतं. दाखलेही पुरवले. २५ डिसेंबर १८७३ ला सत्यशोधक पद्धतीचा पहिला विवाह लागला, त्यात खर्च काय तो विड्यांचा, हे मी सांगितलं. चिरंजीव खूश झाले. जोतीराव फुल्यांनी त्या लग्नातून भटजीही काढला होता आणि बडेजावही. चिरंजीवांना त्यातलं जेवण काढलेलं तेवढं पटलं. ड्रोन राहणार, प्रवेशाच्या वेळी पायाशी सोडायचा पांढरा धूर राहणार, धबधब्याखाली काढलेला प्री-वेडिंगचा व्हिडिओ मोठ्या पडद्यावर राहणार. धुराचा दर विचारला, तर तेवढ्यात शंभर माणसांचा मसालेभात निघाला असता.

त्यांच्या आजींना यात नवीन काहीच वाटलं नाही. धान्यटंचाईच्या काळात सरकारच लग्नातले पाहुणे मोजायचं. पाहुणे नियंत्रणाचे हुकूम निघायचे, ठरलेल्या आकड्यापुढे पानं मांडायची चोरी. मग लोक पेढा, वेफर्स, आईस्क्रीम असं काहीतरी देऊन पाहुण्यांची बोळवण करायचे. ‘तेव्हा धान्यच नव्हतं रे,’ आजी म्हणाल्या. ‘बाहत्तरच्या दुष्काळात लोक मिलो आणि सुकडी खाऊन जगले. तुझ्याकडे काय नाही?’

‘बजेट,’ चिरंजीव म्हणाले.

करोनाचा विषय निघाल्यावर मात्र वडिलांचे डोळे पाणावले. एप्रिल २०२१ मध्ये सरकारने लग्नाला २५ माणसं आणि दोन तास एवढीच मुभा ठेवली होती, मोडलं तर पन्नास हजार दंड. थोरल्या मुलीचं लग्न तेव्हा उरकलं. इतकं सुखाचं कार्य आपल्या घराण्यात झालं नाही, असं ते अजून सांगतात.

अडचण आली ती पत्रिकेत. ‘कृपया आहेर आणू नये’ असं आपण बिनदिक्कत छापतो. ‘कृपया जेवून यावे’ असं छापायला मराठीत अजून कोणी धजावलेलं नाही. आपल्याकडे ते वेळेवरून ओळखायचं असतं. चार ते सहा म्हणजे पेढा आणि कॉफी. साडेसातनंतर म्हणजे जेवण, यावर वाद नाही. तेव्हा चार ते सहा छापा, असं मी सुचवलं. पण फोटोग्राफर म्हणाला, उजेडात धूर दिसत नाही. म्हणून साडेसात ते दहा. सहाशे माणसं दुपारचं बेताने जेवून येणार, हे त्या क्षणी नक्की झालं.

‘आहेर नाही, जेवण नाही, मग बोलवायचं कशाला?’ आजींनी विचारलं. ड्रोनला खाली गर्दी लागते, हे त्यांना कोणी सांगितलं नाही.

तरी मी चिरंजीवांच्या बाजूनेच होतो. खरं सांगायचं, तर बुफे आला तेव्हाच जेवू घालणं संपलं. पंगतीत वाढपी जिलबीचं ताट घेऊन समोर उभा राहायचा, आपण दोन्ही हात पानावर आडवे धरायचे आणि तो बोटांच्या फटीतून दोन जिलब्या सोडायचा. कोणीतरी आपल्यासाठी हट्टाला पेटलंय, याचं सुख त्यात होतं. आता काय? एका हातात प्लेट, त्याच हाताच्या करंगळीत मठ्ठ्याचा पेला, हनुवटीखाली पेपर नॅपकिन, आणि पनीरच्या रांगेत पुढचा माणूस मागे सरकला की त्याच्या सफारीला आपली कोशिंबीर. यजमान तिकडे स्टेजवर, कॅमेऱ्याकडे बघत. ‘जेवल्याशिवाय जायचं नाही हं,’ हे वाक्य दर चाळीस सेकंदांनी, ओठ न हलवता, म्हणजे फोटो बिघडत नाही.

ठराव अशा रीतीने मंजूर झाला आणि दुसऱ्या दिवशी केटरर आला.

‘किती पानं धरू?’

‘शून्य.’

त्याने वही मिटली नाही. जुना माणूस. ‘बरं, पण घरच्यांचं तरी लागेल ना?’

घरचे म्हणजे चाळीस. पण व्याह्यांना आईस्क्रीमवर कसं पाठवायचं? त्यांचे साठ. नागपूरची मंडळी रात्रभर प्रवास करून येणार, त्यांचे पंचवीस. मामाकडचे तीस, मामा रुसला तर आयुष्यभर ऐकायचं. चिरंजीवांच्या कंपनीतले साहेब आणि त्यांचा गट. फोटोग्राफरची सात माणसं, कारण करारातच जेवण लिहिलेलं. ड्रोनवाला वेगळा. सोसायटीचे सेक्रेटरी, कारण पार्किंग. भिशीतल्या बायका, कारण भिशी. केटरर मान खाली घालून आकडे मांडत होता. बेरीज तीनशे दहावर गेली, तेव्हा त्याने अळूची भाजी आणि पंचामृत स्वतःच लिहून टाकलं.

तोडगा असा निघाला: खाली हॉलमध्ये आईस्क्रीम, घरच्यांचं वरच्या मजल्यावर. जिन्यापाशी दोन करवल्या उभ्या राहणार. ‘जेवल्याशिवाय जायचं नाही’ हे वाक्य आता स्टेजवरून नाही, निवडक कानांत सांगायचं. ‘घरच्यांचं वर आहे’ एवढंच, हळू. जिलबीचा वास खाली येऊ नये म्हणून जिन्याला पडदा, आणि पडद्याला फुलांची सजावट, म्हणजे त्याचाही फोटो होईल.

काल संध्याकाळी त्यांच्याकडे सहज डोकावलो. वहिनी यादीची वही घेऊन बसल्या होत्या. प्रत्येक नावापुढे एक अक्षर. कुठे ‘जे’, कुठे ‘आ’. त्या चहा ठेवायला आत गेल्या, तेव्हा मी आमचं नाव शोधलं. सापडलं. पुढे ‘आ’.

आशीर्वाद असेल, आहेर असेल, अशी मनाची समजूत घातली. पण चहा घेऊन आल्यावर वहिनींनी माझं वहीवर ठेवलेलं बोट पाहिलं आणि हसून म्हणाल्या, ‘भावजी, तुम्ही तर पहिल्यापासून आमच्या बाजूने. तुम्हाला बटरस्कॉच चालेल ना?’