सुटण्याची वेळ सहा पस्तीस

कंट्रोलरकाका निवृत्त झाले त्याला आता अकरा वर्षं झाली, पण ही गोष्ट त्यांना अजून कुणी सांगितलेली नाही.

एसटीत ते वाहतूक नियंत्रक होते. उभी नोकरी स्टँडवरच्या काचेच्या केबिनमध्ये गेली. समोर माईक, डाव्या हाताला नोंदवही, उजव्या हाताला गार झालेला चहा. हजारो गाड्या त्यांनी सोडल्या. स्वतः मात्र लग्नकार्याशिवाय कधी एका गाडीत बसले नाहीत. १ जून १९४८ ला पुणे–नगर पहिली एसटी धावली, तो दिवस त्यांच्या घरी सणासारखा साजरा होतो. त्या दिवशी पुरणपोळी असते. काकू म्हणतात, "माझा वाढदिवस विसरतात, एसटीचा नाही."

निवृत्तीनंतर माणूस बाग करतो, नाहीतर आध्यात्मिक होतो. काकांनी सहल काढली. दर महिन्याच्या दुसऱ्या रविवारी, अर्ध्या दिवसाची. सतरा सीटची गाडी भाड्यानं घ्यायची, पण माणसं बाराच. जास्त घेतली की मोजणीत घोळ होतो. पुढच्या काचेला स्वतःच्या हातानं रंगवलेली पाटी: सातारा–वाई–मेणवली–धोम–लिंब–सातारा. त्याखाली लाल अक्षरांत 'जलद'. दुपारी एकला परत, कारण एक वाजता काकू ताट वाढतात आणि ती वेळ बदलण्याचा अधिकार महाराष्ट्रात कुणालाच नाही.

गेल्या महिन्यात मीही गेलो. सहा पंचवीसला आळीत शिट्टी वाजली. सहा तीसला दुसरी. मी चप्पल शोधत होतो तोवर खिडकीखालून माईकच्या आवाजात, माईकशिवाय, घोषणा आली: "साताऱ्याहून लिंबमार्गे परत साताऱ्याला येणारी गाडी फलाटावर लागली आहे. प्रवाशांनी त्वरा करावी." फलाट म्हणजे आमच्या आळीतला पिठाच्या गिरणीसमोरचा कट्टा.

गाडीच्या दारात तिकिटं. काकांनी पुठ्ठ्याची रंगीत तिकिटं कातरून आणली होती आणि जुना चिमटा कुठूनसा पैदा केला होता. कट् कट् करून भोकं पाडून द्यायचे. तेवढ्यात देसाईकाकूंनी विचारलं, "मला अर्धं ना? २०२३ पासून एसटीत बायकांना अर्धंच आहे." काका क्षणभर गप्प झाले. प्रश्न पैशांचा नव्हता, नियमाचा होता. त्यांनी अर्धं दिलं. मग बाकीच्या पाच बायकांनाही अर्धं दिलं. मागच्या सीटवरचे आबा म्हणाले, "मला अठ्ठ्याहत्तर चालू हाय. पंच्याहत्तरच्या पुढं फुकट असतंय." आबा फुकट. मी हळूच म्हटलं, "काका, ह्यात भाडंसुद्धा सुटणार नाही."

"सवलतीची रक्कम सरकार भरून देतं."

"इथं सरकार कोण?"

"मी," काका म्हणाले आणि माझं तिकीट फाडलं. पूर्ण.

सहा पस्तीसला त्यांनी दारावर दोनदा थाप मारली आणि गाडी सुटली. एक थाप म्हणजे थांबा, दोन म्हणजे चला. दिवसभर ह्या व्याकरणावरच आमचं सगळं चाललं.

काकांना इतिहास येतो, पण तो एसटीच्या भाषेत येतो. वाईला कृष्णेच्या काठी ढोल्या गणपतीसमोर त्यांनी आम्हाला रांगेत उभं केलं. "बांधणारे गणपतराव भिकाजी रास्ते. साल १७६२. आता हिशेब करा. पानिपत कधीचं? जानेवारी १७६१. म्हणजे एवढा मोठा अपघात होऊनही पुढच्या वर्षी सेवा पूर्ववत सुरू! ह्याला म्हणतात नियोजन." मग त्यांनी आम्हाला देवळाच्या मागच्या बाजूला पिटाळलं. तिथली भिंत माशाच्या आकाराची आहे. पूर आला की पाणी त्या टोकावर दुभंगतं आणि दोन्ही अंगांनी निघून जातं, देवळाला धक्का बसत नाही. "पाण्याला वळण रस्ता काढून दिला आहे," काका म्हणाले. "अडवलं नाही. गर्दीला कधी अडवायचं नसतं, वळवायचं असतं." हे मला अजूनही पटतं.

मात्र भिंतीपाशी ते आले नाहीत. लांबून बोट दाखवून परत गाडीपाशी गेले. तिथं उभे राहून ते येणारी माणसं मोजत होते.

नाश्त्याला पंधरा मिनिटं. मिसळ होती. तिच्यावर लिहिण्यासारखं खूप आहे, पण तर्रीचा दुसरा वाडगा यायच्या आत शिट्टी वाजली, त्यामुळे माझी माहिती अर्धवट आहे.

मेणवलीला काकांच्या आवाजात भक्ती उतरली. नाना फडणवीसांच्या वाड्याच्या दारात त्यांनी टोपी काढली. "हा माणूस म्हणजे पेशवाईचा कंट्रोलर. घोड्यावर बसून लढाया मारल्या का ह्यानं? नाही. एका जागी बसायचं आणि सगळीकडच्या गाड्या सोडायच्या. सवाई माधवरावांना पेशवाईची वस्त्रं मिळाली तेव्हा वय किती? चाळीस दिवस. चाळीस दिवसांचा ड्रायव्हर! तरी एक फेरी रद्द झाली नाही. आणि काय काय घडलं त्याची सगळी नोंद. मेणवली दप्तर म्हणतात ते हेच. लॉगशीट, लॉगशीट!"

आमच्यातला एक पोरगा म्हणाला, "काका, 'स्वदेस'चं शूटिंग इथंच झालं ना? आम्हाला तो घाट बघायचाय."

"तो सिनेमा २००४ ला येऊन गेला. आपली गाडी नऊ दहाला जाते. काय ते त्यात बसवा."

आम्ही वाडा पाहिला. सहा चौकांचा वाडा, सागवानी खांब, नानांच्या दालनातली भिंतीवरची चित्रं. मग चंद्रकोरीसारखा वळलेला घाट उतरून मेणेश्वराच्या देवळापाशी आलो. तिथं एका छोट्या घुमटीत ती प्रसिद्ध घंटा आहे. चिमाजीअप्पांनी १७३९ ला वसई घेतली, तेव्हा तिथल्या चर्चमधल्या घंटा मराठी मुलखात आल्या आणि देवळादेवळांत टांगल्या गेल्या. नाशिकच्या नारोशंकराची घंटा तर म्हणीत जाऊन बसली. मेणवलीच्या घंटेवर बाळ येशूला घेतलेली मारिया कोरलेली आहे. तिच्यासमोर देसाईकाकूंनी नेहमीच्या सवयीनं हात जोडले, आणि त्यात काही वावगं आहे असं कुणालाच वाटलं नाही. घंटेलाही नसावं. तिला सवय झाली असेल.

नऊ आठला काका पहिल्यांदाच गाडी सोडून घाटाच्या वरच्या पायरीपर्यंत आले. अकरा माणसं भरली होती. बारावा पोरगा पाण्यात पाय सोडून शाहरुखसारखा दूर बघत होता. शिट्टी तीनदा वाजली, पोरगा ढिम्म. काकांची नजर त्या घंटेवर गेली. एवढी मोठी घंटा. हात लांब केला असता तर काम झालं असतं. एका खऱ्या डबल बेलसाठी त्यांचा जीव कासावीस झालेला मला स्पष्ट दिसला. पण सरकारी माणूस. परवानगीशिवाय काही वाजवणं शक्य नव्हतं. ते नुसते म्हणाले, "वसईहून आणायची, आणि वापरात ठेवायची नाही."

परतताना मी विचारलं, "वाड्यातली चित्रं कशी वाटली तुम्हाला?"

"मी आत गेलो नाही कधी."

"अकरा वर्षांत?"

"गाडीपाशी कुणीतरी पाहिजे ना."

धोमला महादेवाच्या देवळासमोर कासवाच्या पाठीवरचा नंदी आहे, पाण्याच्या कुंडात. कुंड भरलं की कासव नंदीला घेऊन पोहत चाललंय असा भास होतो. काकांनी ह्यावर एकच टिप्पणी केली: "कासव दगडाचं आहे म्हणून थांबलंय. तुम्ही चला."

लिंबला आम्ही अकरा पन्नासला पोचलो आणि तिथंच घात झाला, कारण नोंदवहीतली वेळ अकरा पंचावन्न होती. एसटीत उशीर क्षम्य आहे, पण वेळेआधी हा गुन्हा. काकांच्या हातात पाच मिनिटं आली आणि त्यांचं काय करायचं हे त्यांना कळेना. तेवढ्यात ड्रायव्हर म्हणाला, "तुमी बी जावा काका खाली. मी हाय गाडीपाशी." गाडीपाशी कुणीतरी होतं. काकांकडे कारण उरलं नाही.

बारा मोटेची विहीर. शाहू महाराजांच्या काळात, १७१९ ते १७२४ मध्ये, वीरूबाई भोसल्यांनी बांधलेली. शिवलिंगाच्या घाटाची, दगडी कमानीतून पायऱ्या उतरून जायचं, आणि मध्ये चक्क एक महाल. वर काठावर मोटांच्या जागा. मी हे सगळं मोबाइलवर वाचून दाखवत होतो आणि "एका वेळी बारा मोटा" असं म्हणालो. काका थांबले.

"एका वेळी?"

"हो."

त्यांनी काठ न्याहाळला. बोटानं मोजायला लागले. चेहरा असा झाला की मला वाटलं ह्यांना ऊन लागलं. "बारा फलाट," ते पुटपुटले. मग आबांना धरलं. आबांनी लहानपणी मोट हाकली होती, हे आम्हाला तेव्हाच कळलं.

"आबा, एकेक करून सोडायची का पद्धत होती?"

"न्हाई. बैल धावंवरनं खाली उतरत्यात, तवा मोट वर येती. थारोळ्यात पाणी पडलं की बैल मागं सरायचं."

"रिव्हर्स?"

"रिव्हर्सच की. न वळता. मागं सरत मोट पुन्हा खाली."

"मग बारा मोटा म्हणजे चोवीस बैल. पुढं, मागं, पुढं, मागं. नाडे एकमेकांत गुंतायचे नाहीत? इशारा कोण द्यायचं? शिट्टी?"

"शिट्टी कसली. गाणं म्हणायचं मोटंवर."

"बाराजण? बारा गाणी?"

"ज्याचं त्यानं म्हणायचं. बैलाला आपल्या धन्याचा आवाज कळतोय."

काका थोडा वेळ गप्प राहिले. मग ज्या प्रश्नाला ते भीत होते तो विचारला. "आणि कंट्रोलर?"

आबांनी त्यांच्याकडे दयेनं पाहिलं. "हिरीला कशाला कंट्रोलर?"

हे वाक्य त्यांना फार लागलं. एकही शब्द न बोलता ते पायऱ्या उतरायला लागले. आम्हाला वाटलं, माणूस एकटा असावा. आम्ही फोटो काढले, काठावरून एक चक्कर मारली, शेजारच्या झाडाखाली बसलो. बारा पंधरा ही सुटण्याची वेळ होती. बारा पंधरा झाले. शिट्टी वाजली नाही. देसाईकाकू अस्वस्थ झाल्या; सगळे आपणहून गाडीत जाऊन बसले आणि एकमेकांना मोजायला लागले. बारा भरले. ड्रायव्हरनं हॉर्न दिला. कुणी आलं नाही. बारा पस्तीसला मला पाठवलं.

कमानीतून आत गेलो तर गारवा अंगावर आला. काका महालात होते. कमरेवर हात, छाती पुढे, विठोबासारखे. मला बघून त्यांचे डोळे चमकले.

"ये, ये. इथं उभा राहा. खाली बघ, पाणी. वर बघ, काठ. वारा आहे, सावली आहे, सगळीकडे लक्ष आहे. आबांना काय कळतंय? उगाच बांधलाय का हा महाल मधोमध?" त्यांनी एका खांबावर थाप मारली. "केबिन आहे ही, केबिन! माईक तेवढा नव्हता."

"काका, सगळे गाडीत बसलेत. पावणेएक होत आले."

"बसू देत," काका म्हणाले. हे दोन शब्द त्यांच्या तोंडून कुणी कधी ऐकले नव्हते. मग त्यांनी मला तिथल्या दगडावरची कोरीव फुलं दाखवली, एकेक, सावकाश.

गाडी निघाली तेव्हा काकूंचा पहिला फोन येऊन गेला होता. दारावर दोन थापा आबांनी मारल्या. पुढच्या सीटवर काकांनी नोंदवही उघडली. मी मागून डोकावलो. अकरा वर्षांची पानं होती. उशिराच्या कारणांच्या रकान्यात 'प्रवासी उशिरा', 'म्हशी आडव्या', 'मिसळ', पुन्हा 'मिसळ'. आजच्या ओळीत त्यांनी सुवाच्य अक्षरात लिहिलं: लिंब. येण्याची वेळ ११.५०. सुटण्याची वेळ १२.५२. मग पेन उचलून बराच वेळ खिडकीबाहेर बघत बसले. लिंबची पाटी मागे पडली, महामार्ग लागला, अजिंक्यतारा दिसायला लागला, तेव्हा कुठं त्यांनी रकाना भरला.

'कंट्रोलर जागेवर नव्हता.'