निरे मोजता का?

माझ्याकडे 'सत्यकथे'चे जुने अंक आहेत, हे खामगावात ज्याला ठाऊक नाही तो एक तर परगावचा, नाही तर मला पाहून गल्ली बदलणारा. आल्यागेल्याची नजर पडेल अशा बेतानं ते बैठकीत मांडलेत. १९६९ मध्ये राजा ढाले आणि मित्रांनी 'सत्यकथे'ची होळी केली, ती लोक बंडाची गोष्ट म्हणून सांगतात. माझ्या जिवाला घोर एवढाच, की जाळला तो अंक कोणता? माझ्याकडे नसलेलाच असणार. १९८२ मध्ये मासिक बंद पडलं तेव्हा साहित्यिक हळहळले. संग्राहकाचं मात्र बरं झालं, यादीला शेवट आला.

वाचतो मी 'आवाज'. तो आतल्या खोलीत असतो.

काय ती 'आवाज'ची खिडकी! मधुकर पाटकरांनी १९५१ मध्ये सुरू केलेल्या या दिवाळी अंकानं पानाला भोक पाडून सभ्य माणसांची पंचाईत केली. भोकातून दिसतं ते भलतंच. पान उलटावं तर बाई बिचारी कणीक तिंबत असते. आधी घरात कोण आहे ते बघायचं, मग उलटायचं, किंचित हिरमुसायचं आणि शेवटी मोठ्यानं हसायचं, असा त्याचा विधी. रद्दीत मला एक अंक मिळाला, त्याच्या सगळ्या खिडक्या कुण्या संस्कारी गृहस्थानं खळ लावून वर्तमानपत्राच्या कपट्यांनी बुजवलेल्या. त्यातला एक कपटा नखानं उचकटून पुन्हा चिकटवलेला! म्हणजे पोरंही त्याच घरची. हा अंक 'सदोष' म्हणून नोंदवावा की 'दुर्मिळ', याचा निकाल अजून लागलेला नाही.

"भाऊ, तुम्ही हे वाचता, का निरे मोजता?" रद्दीवाल्यानं एकदा विचारलं. मी ऐकलंच नाही. ऐकलं की भाव वाढतो.

त्याच्याच ढिगात 'स्त्री' मासिकाचा एक अंक होता. कुठल्याशा वाचनालयाचा शिक्का, त्यावर लाल रेघ. विणकामाच्या पानावर पेन्सिलीनं टाक्यांचा हिशेब, समासात दुधाचा रतीब आणि एका कथेच्या शेवटी बारीक अक्षरात दोनच शब्द : 'असं नसतं.' बालभारतीनं 'किशोर' मासिकाचे १९७१ पासूनचे अंक संगणकावर फुकट वाचायला ठेवले, उत्तम केलं. पण तसं करायलासुद्धा कोरी करकरीत प्रतच शोधतात. वाद घालणाऱ्या या बाईची प्रत कोण शोधणार? जागा नाही म्हणून अशी प्रत किलोच्या भावात काढणाऱ्यांचा मला खरोखर संताप येतो. त्या बाईला तिच्या गावात हे बोलायला दुसरं कोण होतं?

बायकोनं ती कथा उभ्या उभ्या वाचली. म्हणाली, "बरोबर आहे बाईचं."

मी अजून वाचलेली नाही. त्या वर्षाचे दोन अंक मिळायचेत, आणि अपुऱ्या संचाला हात लावायचा नाही असा माझा नियम आहे.