हप्ता कितीचा बसतो?

साडेतीन मुहूर्तांपैकी एखादा जवळ आला की वर्तमानपत्राची पहिली पानं घरांना जातात आणि देशाच्या बातम्या आत कुठेतरी दाटीवाटीने बसतात. जाहिरातीत पोहण्याचा तलाव असतो, तलावाकाठी हसरे आजी-आजोबा असतात आणि मोठ्या अक्षरात किंमत असते. किमतीच्या डोक्यावर एक चांदणी असते. ती पानाच्या तळाशी मुंगीएवढ्या अक्षरांत उलगडते: मुद्रांक शुल्क, नोंदणी, जीएसटी वेगळे. आकाशातल्या चांदण्या फुकट असतात. ही काही लाखांची असते.

समजा, पुण्यात वाघोलीकडे एक टू बीएचके पसंत पडला. बांधकाम चालू आहे, किंमत 62.5 लाख. बँक त्यातले 80 टक्के, म्हणजे 50 लाख देणार. 30 लाखांच्या पुढे 75 लाखांपर्यंतच्या गृहकर्जाला रिझर्व्ह बँकेने आखून दिलेली मर्यादाच तेवढी आहे. उरलेले 12.5 लाख आपले. ते पीएफमधून, आईच्या पाटल्यांमधून आणि मेव्हण्याच्या उपकारातून उभे राहतात. मेव्हण्याच्या व्याजाचा दर रिझर्व्ह बँक ठरवत नाही. ते व्याज प्रत्येक लग्नकार्यात वसूल होतं.

आता चांदणीकडे वळू. पुणे महापालिकेच्या हद्दीत मुद्रांक शुल्क 7 टक्के, म्हणजे 4,37,500 रुपये. नोंदणी फी 30,000. चालू बांधकामावर जीएसटी 5 टक्के, म्हणजे 3,12,500. बेरीज 7.8 लाख. ही रक्कम बँक सहसा घराच्या किमतीत धरत नाही, त्यामुळे तीही आपल्याच खिशातून. घर एकट्या बाईच्या नावावर घेतलं तर मुद्रांक शुल्कात एक टक्क्याची सवलत आहे, म्हणजे 62,500 रुपये वाचतात. पण ही सूचना कोणी मांडली की घरातल्या पुरुषांना अचानक हिशेबापेक्षा परंपरा मोठी वाटू लागते.

एवढं होईपर्यंत 20.3 लाख गेलेले असतात आणि एकूण बेरीज कोणीच मांडलेली नसते. सगळं खानदान मिळून प्रश्न एकच विचारतं: "हप्ता कितीचा बसतो?"

साडेआठ टक्के दर आणि 20 वर्षांची मुदत धरली तर 43,391 रुपये. ऐकणारा हा आकडा मनातल्या मनात पगारातून वजा करतो, गाडीचा हप्ता आणि मुलाची फी बाजूला काढतो आणि म्हणतो, "बसतो की!" बसतो खरा. 20 वर्षं बसतो. 240 हप्त्यांची बेरीज होते 1 कोटी 4 लाख. पन्नास लाखांच्या कर्जावर 54 लाख व्याज. त्यात आपले 20.3 लाख मिळवा. 62.5 लाखांचं घर 1 कोटी 24 लाखांना पडलं. आणि अजून पंखे लागायचे आहेत.

गंमत म्हणजे याच माणसाने बिल्डरच्या ऑफिसात दोन तास ठिय्या मारून 50,000 रुपये सुटवलेले असतात, वर स्वयंपाकघरातली चिमणी फुकट मिळवलेली असते. ही शौर्यकथा वास्तुशांतीला येणाऱ्या प्रत्येक पाहुण्याला ऐकवली जाते. बँकेत मात्र तोच माणूस खाली मान घालून जिथे खूण केली असेल तिथे सही करतो. दरात अर्धा टक्का कमी झाला असता तर 20 वर्षांत पावणेचार लाख वाचले असते. पण बँकेत घासाघीस करणं बरं दिसत नाही!

बरं, घर का घेतलं? कारण भाडं म्हणजे पाण्यात घातलेले पैसे. हे वाक्य आपल्याकडे बारशापासून कानावर पडतं. आता पहिला हप्ता उघडून बघा. 43,391 पैकी व्याज 35,417 आणि मुद्दल 7,974. पहिल्या वर्षभरात व्याजापोटी 4 लाख 21 हजार जातात, महिन्याला सरासरी 35,000. अशा फ्लॅटचं भाडं आज वीसेक हजारांच्या आसपास असतं. म्हणजे घरमालकाला दिले तर पैसे पाण्यात, आणि त्याच्या पावणेदोनपट बँकेला दिले तर गुंतवणूक. शिवाय घरमालक निदान गळका नळ तरी दुरुस्त करून देतो.

पुढचं गणित आणखी गोड आहे. 10 वर्षं झाली, 52 लाख भरून झाले, निम्मा रस्ता कापला. बाकी किती? 35 लाख. निम्मं मुद्दल फिटायला 13 वर्षं 10 महिने लागतात. तोवर पहिलीतलं पोर इंजिनिअरिंगला पोहोचतं आणि त्याच्यासाठी बँक दुसरं कर्ज घेऊन उभी असते. यात बँकेची लबाडी मुळीच नाही. जेवढं मुद्दल बाकी, तेवढ्यावर व्याज, इतका सरळ हिशेब आहे. शाळेत आपल्याला द.सा.द.शे. शिकवलं होतं. आपण ते परीक्षेपुरतं ठेवलं, बँकेने नोकरीला लावलं.

हप्ता बसत नसला तरी काळजी नसावी. बँकेतला तरुण मृदू आवाजात सांगतो, "सर, मुदत तीस वर्षं करू." हप्ता 38,446 वर येतो. महिन्याला जवळपास 5,000 वाचले, म्हणून घरी पेढे. एकूण व्याज मात्र 54 लाखांवरून 88 लाखांवर जातं. महिन्याला पाच हजार वाचवण्याची किंमत 34 लाख. या दराने काटकसर करणारा माणूस आपल्या पिढीतच निपजला.

आणि हे सगळं दर जागचा हलला नाही तर. तो हलतो. ऑक्टोबर 2019 पासून बँकांना बदलत्या दराची नवी गृहकर्जं बाहेरच्या मापाशी जोडावी लागतात, आणि बहुतेकींनी त्यासाठी रिझर्व्ह बँकेचा रेपो दर निवडला. 2021 मध्ये रेपो 4 टक्के होता आणि पावणेसात टक्क्यांच्या आसपास गृहकर्ज मिळत होतं. लोक म्हणाले, इतकं स्वस्त कर्ज जन्मात मिळायचं नाही. बरोबर म्हणाले. मे 2022 ते फेब्रुवारी 2023 या काळात रेपो साडेसहावर गेला. अडीच टक्के वाढ, दहा महिन्यांत.

पावणेसात टक्क्यांच्या त्या पन्नास लाखांचा हप्ता होता 38,018. दोन वर्षांनी बाकी उरली साधारण 47.5 लाख. आता दर सव्वानऊ धरा. महिन्याचं नुसतं व्याजच 36,588. मुद्दलाकडे जायला उरले 1,430 रुपये. हप्ता तोच ठेवायचा म्हटलं तर उरलेली 18 वर्षं वाढून साडेपस्तीसच्या पुढे जातात. गृहप्रवेशाला चाळिशीत असलेला माणूस शेवटचा हप्ता भरायला नातवाचा हात धरून बँकेत जाईल. बँका असं सगळंच मुदतीवर ढकलत नाहीत, थोडा हप्ताही वाढवतात. पण कित्येकांची मुदत निवृत्तीच्या पलीकडे गेली ती अशीच, एका मेसेजमधून. आपण तो मेसेज क्रेडिट कार्ड विकणाऱ्या मेसेजांसोबत पुसून टाकला.

ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेला सांगावं लागलं की दर वाढला तर हप्त्यावर आणि मुदतीवर काय परिणाम होतो ते कर्जदाराला कळवा. हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे त्याला निवडू द्या. म्हणजे निवड आपली आहे. पण निवडायचं तर आधी वाचावं लागतं, तिथे आपलं घोडं अडतं. 2025 मध्ये फेब्रुवारी ते जून रेपो एक टक्क्याने उतरला. आपल्या कर्जाचा दर उतरला का, आणि जुना ग्राहक म्हणून आपण शेजारच्या नव्या ग्राहकापेक्षा जास्त दर भरतो आहोत का, हे किती जणांनी पाहिलं? बहुतेक बँकांत अर्ज आणि थोडी फी भरून दर खाली आणता येतो. न मागणाऱ्याला मात्र कोणी घरी आणून देत नाही.

विम्याचीही एक वाटी ताटात आलेली असते. "सर, हे कर्जासोबत घ्यावंच लागतं." नसतं घ्यावं लागत. विमा जरूर हवा, पण तो आपल्या पसंतीचा, बाहेरून घेतलेला चालतो. बँकेतला एकरकमी हप्ता, समजा दीड लाख, बँक प्रेमाने कर्जातच मिळवून टाकते. त्याच दराने 20 वर्षांत त्याचे 3 लाख 12 हजार होतात. आपण मेल्यावर घर सुटावं म्हणून घेतलेल्या विम्याचं व्याज जिवंतपणी भरायचं.

मग कोणीतरी टॅक्सचा मुद्दा काढतो. राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला 2 लाखांपर्यंत वजावट मिळते, तीही जुन्या करप्रणालीत. नव्या प्रणालीत राहत्या घराला शून्य. जुन्या प्रणालीत, तीस टक्क्यांच्या गटात, सेस धरून वाचतात 62,400 रुपये. त्यासाठी पहिल्या वर्षी व्याज भरलं 4 लाख 21 हजार. टॅक्स वाचवण्यासाठी कर्ज घेतलं असं अभिमानाने सांगणाऱ्यांना हे दोन आकडे शेजारी शेजारी लिहून द्यावेत आणि आपण तिथून निघून जावं.

अर्थशास्त्र शिकलेला भाचा म्हणेल, मामा, वीस वर्षांनंतरचा रुपया आजचा नसतो. बरोबर आहे. महागाई वाढते, पगार वाढतो, आज छातीवर बसलेला हप्ता दहा वर्षांनी हलका वाटतो, घराची किंमतही कदाचित वाढते. आणि घरमालकाने अकरा महिन्यांनी "मुलाचं लग्न ठरलंय" म्हणून बाहेर काढलेल्या माणसाला स्वतःच्या दाराची किंमत कोणी शिकवू नये. घर घेऊ नका असं इथे कोणी म्हणत नाही. पण भाचेबुवा, पगार वाढतो तर हप्ता का वाढत नाही? पगारवाढ झाली की मोठी गाडी येते, मोठा टीव्ही येतो, हप्ता तेवढा पहिल्या दिवसाचाच राहतो.

तो दर वर्षी पाच टक्क्यांनी वाढवला तर हेच 20 वर्षांचं कर्ज सव्वाबारा वर्षांच्या आत संपतं. तेवढं झेपत नसेल तर वर्षातून एक हप्ता जास्तीचा भरा, दिवाळीचा बोनस त्यासाठीच असतो. कर्ज 16 वर्षं 8 महिन्यांत फिटतं आणि दहा लाखांच्या आसपास व्याज वाचतं. वैयक्तिक कर्जदाराने बदलत्या दराचं गृहकर्ज मुदतीआधी फेडलं म्हणून बँकेला दंड लावता येत नाही. ही बंदी 2012 पासून आहे. जास्तीचे पैसे भरताना 'हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा' असं लेखी द्या. आणि कर्ज पूर्ण फिटल्यावर 30 दिवसांत घराची मूळ कागदपत्रं परत मिळाली पाहिजेत. बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला 5,000 रुपये भरपाई, असा रिझर्व्ह बँकेचा नियम 1 डिसेंबर 2023 पासून आहे. आयुष्यात एकदाच अशी वेळ येते की मीटर बँकेचं चालू असतं. कर्ज फिटल्याची तारीख लिहून ठेवा.

राहिला पहिला प्रश्न. तो बदला. हप्ता कितीचा बसतो हे विचारू नका, सगळं मिळून किती जातात ते विचारा. 1 ऑक्टोबर 2024 पासून प्रत्येक नव्या गृहकर्जासोबत 'की फॅक्ट स्टेटमेंट' नावाचा कागद देणं बँकेवर बंधनकारक आहे. सगळे खर्च धरून खरा वार्षिक दर किती, एकूण व्याज किती, एकूण परतफेड किती, सारं त्यात असतं. तो वाचून विचार करायला निदान तीन कामकाजाचे दिवस द्यावे लागतात. आणि तो कर्जदाराला समजेल अशा भाषेत द्यायचा, हेही नियमातच आहे. तेव्हा मराठीत मागा, घरी न्या, एकूण परतफेडीचा आकडा घरात मोठ्याने वाचा. त्यानंतरही घर घ्यावंसं वाटलं तर खुशाल घ्या.