मोफत आणि सक्तीची

दिल्लीचा स्पष्टवक्तेपणा वाखाणण्याजोगा आहे. हिंदीत ‘शिक्षा’ म्हणजे शिक्षण, असे तिकडचे लोक म्हणतात. मराठी कानाला मात्र खरे ते ऐकू येते. २००१ मध्ये ‘सर्व शिक्षा अभियान’ आले. एकही मूल सुटू नये, ही तळमळ. २००९ च्या कायद्याने प्रत्येक बालकाला ‘निःशुल्क आणि अनिवार्य शिक्षे’चा अधिकार दिला. त्याच कायद्याच्या कलम १७ ने छडीला बंदी केली, म्हणजे शिक्षा आता फक्त अभ्यासक्रमातूनच मिळते. २०१८ मध्ये ती ‘समग्र’ झाली. २०२० मध्ये तर ‘मानव संसाधन विकास’ हा आडपडदाही गळाला आणि ‘शिक्षा मंत्रालय’ अशी सरळ पाटी लागली.

वाहतुकीला ‘यातायात’ म्हणणेही याच प्रामाणिक परंपरेतले. पुण्यात रोज दुचाकी चालवणाऱ्याला तिथे भाषांतर लागत नाही.

परवा शेजारच्या लखनौच्या भाभी मुलाला घेऊन मराठी शाळेत गेल्या. बाईंना हात जोडून म्हणाल्या, “इसे अच्छी शिक्षा दीजिए.”

बाईंनी पोराच्या पाठीवरचे दप्तर एकवार उचलून पाहिले.

“दिलीय की,” त्या म्हणाल्या.